बिबट्याला रोज नवं लागतं

दिवेलागणीला तुमच्या घरात कुणाचा आवाज असतो? उत्तर द्यायची घाई करू नका. घरात माणसं आहेत, हे मला माहीत आहे. मी आवाजाबद्दल विचारते आहे. प्रत्येकाच्या कानात काहीतरी जोरात चालू आहे आणि घर मात्र गप्प आहे, असं तर नाही ना?

हा प्रश्न माझा नव्हे. पिंपळवंडीच्या शिवारात, चारी बाजूंनी ऊस असलेल्या एका वस्तीवर मी भाड्याने राहायचे, तिथल्या घरमालकांचा आहे. आम्ही सगळे भाडेकरू त्यांना आबा म्हणायचो. त्यांचं नाव मी इथे लिहिणार नाही. छापून आलेल्या नावावर त्यांचा विश्वास नाही. ‘नाव तोंडानं घ्यावं, म्हंजी ऐकू येतं,’ असं ते म्हणत.

त्या वेळी आळेफाट्याच्या एका छापखान्यात मी मजकूर जुळवण्याचं काम करत होते. लहानपण चळवळीच्या पत्रकांत गेलं. आमच्या घरी पाहुण्याला पाण्याच्या आधी पत्रक मिळायचं. त्यामुळे खोली बघायला गेले तेव्हा घरमालक काय काय विचारतील याची उत्तरं मी तयार ठेवली होती. जात विचारली तर काय सांगायचं, लग्न विचारलं तर काय, एकटी मुलगी उशिरा का येते असं विचारलं तर काय. भांडायला कंबर कसूनच गेले होते.

आबांनी विचारलं, “कंचं ॲप बगता?”

मला कळेना. “म्हणजे?”

“मोबाईलवर वो, पावणं. शिनेमे, मालिका. कंच्या कंपनीचं घेतलंय?”

भाडेकरूला ते ‘पावणं’च म्हणायचे, मग तो बाई असो की बुवा, आठवडा झालेला असो की कितीही वर्षं. मी सांगितलं की मी असलं काही बघत नाही, वाचते, कधीतरी भाषणं ऐकते.

आबांचं तोंड उतरलं. “भाषणानं बिबट्या न्हाई, मान्संच पळत्याल,” ते पुटपुटले. मग माझ्याकडे बघून दया आल्यासारखं म्हणाले, “बरं. मधल्या खोलीत ऱ्हावा. मधल्या खोलीला कमी आवाज चालंल.”

तिन्ही खोल्या एका ओळीत होत्या, ओळीसमोर अंगण, अंगणापलीकडे आबांचं घर आणि घराला लागून मेंढरांचा वाडा. आबांच्या वडिलांपर्यंत सगळा जन्म मेंढरांमागे गेला. पावसाळा संपला की कोकणाच्या अंगाला उतरायचं, पावसाच्या तोंडावर परत वर यायचं. मग कालवा आला, ऊस आला, जमिनीत विहीर झाली आणि घराणं एका जागी बसलं. पण आबांनी सातआठ मेंढरं ठेवलीच होती. मेंढराशिवाय अंगण म्हणजे ओसाड देऊळ, असं त्यांचं मत. वाड्याभोवती दोरीची जाळी असायची. तिला ते लोक वाघर म्हणतात. आणि त्या वाघरीच्या मेढीला, म्हणजे खांबाला, एक निळा ब्लूटूथ स्पीकर टांगलेला असायचा.

वस्तीचा नियम असा होता. सूर्य उसाआड गेला की प्रत्येक भाडेकरूने आपलं दार उघडं ठेवायचं आणि जे काही बघायचं असेल ते मोठ्या आवाजात बघायचं. जेवणं होऊन माणसं आत जाईपर्यंत. कानात वायर घालून बसलेला माणूस दिसला की आबा काठी आपटत यायचे. “तुमी बगा की वो, कोण नको म्हंतंय! पर उसाला बी ऐकू द्या!”

जुन्नरकडे राहिलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. बाकीच्यांसाठी सांगते. आमच्याकडे बिबट्या जंगलात राहत नाही, उसात राहतो. तिथेच त्याची पिल्लं होतात. संध्याकाळी बांधावरून चालताना मोबाईलवर गाणी लावून चालावं, हे इथल्या पोरासोरांना माहीत असतं. माणसाचा आवाज आला की तो बहुधा बाजूला होतो. एका हिवाळ्यात आबांच्या अंगणातलं कुत्रं गेलं. पलीकडच्या एका वस्तीवर त्याहून वाईट झालं. ते मी लिहिणार नाही, त्या घरातली माणसं वाचतात.

त्यानंतर आबांनी वाघरीला रेडिओ बांधला. मग एकदा वनखात्याचा एक तरुण माणूस वस्तीवर आला आणि बोलता बोलता म्हणाला, की तोच तो आवाज रोज ऐकून जनावर सरावतं, मग त्याला भीती वाटत नाही. तो चहा पिऊन गेला. आबांच्या डोक्यात मात्र एक कारखाना सुरू झाला. बिबट्याला जुनं चालत नाही! बिबट्याला रोज नवं लागतं!

“आता मला सांगा पावणं,” ते मला पहिल्याच आठवड्यात समजावत होते, “रोज नवं कोन देतंय? रेडू? त्येची तीच गाणी. देवळातला भजनाचा टेप? त्यो तर बिबट्याला पाठ झाला आसंल. रोज नवं देनारी दुनियेत येकच जात हाय, ही ॲपवाली. आन त्यात बी पुन्ना ह्याचं त्याच्याकडं न्हाई, त्याचं ह्याच्याकडं न्हाई. म्हंजी बगा, येका दारात येक, दुसऱ्या दारात दुसरं. बिबट्याला कळायचंच न्हाई हितं हायेत तरी किती मान्सं!”

म्हणून ते भाडेकरू निवडताना ॲप बघत. पहिल्या खोलीत शकील होता, जुन्नरचा. आळेफाट्यावर त्याचं पाण्याच्या मोटारी दुरुस्त करायचं दुकान. तो क्रिकेट आणि गँगवाल्यांच्या मालिका बघायचा. तिसऱ्या खोलीत एक प्राथमिक शाळेचे गुरुजी, नगरकडचे. खुनाच्या मालिकांशिवाय त्यांना घास उतरत नसे. दोघांची ॲप वेगळी. गुरुजींनी एकदा शकीलचं ॲप घ्यायचा विचार बोलून दाखवला, तर आबा संतापले. “दोन दारात येकच आवाज? मंग दुसरी खोली भाड्यानं देऊ कशाला?”

आपण काय बघतो याचं आबांना काडीचं घेणं नव्हतं. त्यांनी एकही मालिका पुरी पाहिली नव्हती. पण प्रत्येक मालिकेला ते आवाजावरून तोलायचे. इंग्रजी समालोचन असलेलं क्रिकेट सगळ्यात भारी, कारण बिबट्याच्या आज्या-पणज्यांना साहेबाच्या बंदुकीची याद असणार. गँगवाल्यांची मालिका चांगली, कारण त्यात शिव्या आहेत आणि शिवी लांबवर जाते. खुनाच्या मालिकेबद्दल तक्रार होती. “त्यात मान्सं लई वेळ गप बसत्यात. गुर्जी, तुमचा पोलिस इचार करायला लागला की मला वाघरीपाशी येऊन उभं ऱ्हावं लागतंय!”

त्यांचं सगळं खरंच असायचं असं मुळीच नाही. एकदा शकीलने चेष्टेने त्यांना सांगितलं की जंगली जनावरांचा एक माहितीपट आलाय, त्यात बिबट्याच बिबट्याला हाकलतो. आबांना पटलं. काट्याने काटा. त्यांनी तो वाघरीवरच्या स्पीकरला लावायला सांगितला. पाचदहा मिनिटं एक गंभीर माणूस गवताबद्दल बोलत राहिला आणि मग स्पीकरमधून जी डरकाळी आली, तिच्याने मेंढरं वाघर तोडून उधळली. त्यातली तीन सरळ माझ्या खोलीत. एक माझ्या पत्रकांच्या गठ्ठ्यावर चढलं आणि थरथरत उभं राहिलं. आबा दारात आले, मेंढराकडे बघितलं, पत्रकांवर त्याने काय केलं ते बघितलं आणि म्हणाले, “बगा, तुमचं बी कुनीतरी वाचलं!”

शकील अंगणात हसून हसून खाली बसला होता. आबांनी नंतर बरेच दिवस त्याला ‘शकीलभाऊ’ न म्हणता ‘डरकाळीवाले’ म्हटलं.

हे सगळं आता गमतीचं वाटतं. पण एक गोष्ट गमतीची नव्हती, आणि तिच्यावरून माझं आणि आबांचं जुंपलं.

आबांचा मुलगा चाकणला कंपनीत होता. सुट्टीलाच यायचा. घरात आबा आणि त्यांची सून. आम्ही त्यांना वहिनी म्हणायचो. माहेर मंचरच्या पलीकडे, आंबेगाव तालुक्यात. पहाटेपासून दिवे लागेपर्यंत ती बाई कामात असायची. दोन म्हशी, मेंढरं, सासरा, आणि येता-जाता आम्हा तिघांचं ‘वहिनी, जरा दूध’, ‘वहिनी, जरा किल्ली’. तिचा स्वतःचा असा एकच वेळ होता. संध्याकाळी डेअरीला दूध घालून परत येतानाची वाट. डेअरी रस्त्याला, वस्ती आत, मध्ये पाटाच्या कडेने जाणारा बांध आणि दोन्हीकडे पुरुषभर ऊस. त्या वाटेवर ती रिकामी किटली एका हातात घेऊन, दुसऱ्या हातात मोबाईल धरून, कानात वायर घालून मालिका बघत यायची.

कोरियातली मालिका. हिंदीत केलेली. तिच्या मैत्रिणीने माहेराहून पासवर्ड पाठवला होता. हे फक्त मला माहीत होतं.

“मोठ्याने का नाही लावत?” मी विचारलं होतं. “आबांचा तर नियमच आहे.”

“माझ्यासाठी न्हाई ना तो नियम,” ती म्हणाली. “ह्यात रडणं लई हाय, ताई. आन मामंजींना रडणं चालत न्हाई.”

ते खरं होतं. रडण्याच्या आवाजाने बिबट्या लांब जात नाही, उलट जवळ येतो, कोकरू वाटतं त्याला, असा आबांचा ठाम सिद्धांत. स्पीकरवर कुणी रडायला लागलं की ते घरातून ओरडायचे, “रडकं बंद!” म्हणजे बाईने बघायचं ते बंद, हे ओघानेच आलं. गुरुजींच्या मालिकेत गळे चिरायचे ते चालत होतं. वहिनीच्या मालिकेत एक मुलगी आईसाठी रडायची ते चालत नव्हतं.

माझं रक्त तापलं. एका संध्याकाळी आबांनी वहिनीला वायर घातलेलं पाहिलं आणि अंगणात सगळ्यांसमोर बोलले. मी मध्ये पडले.

“आबा, दिवसभर ती तुमच्या हाकेला ओ देते. तेवढा अर्धा तास तिचे कान तिचे राहू द्या.”

“कान तिचेच हायेत. पर वाट कुनाची हाय? उसात बसलेल्याची हाय.”

“मग डेअरीला तुम्ही जा.”

“मी जाईन की! गुडघा देतो का तुमचं पत्रक?”

मी खरंच पत्रक लिहिलं. मोठ्या अक्षरात. ‘माझे कान, माझा हक्क.’ आबांच्या भिंतीला चिकटवलं. आबांनी ते फाडलं नाही. त्यांनी शकीलला ते मोठ्याने वाचायला लावलं, दोनदा, आणि म्हणाले, “आवाज चांगला हाय ह्येला. रोज वाचा.”

रागाच्या भरात मी त्यांना म्हणाले, की तुम्ही वस्तीवर हुकूमशाही चालवता. त्यावर ते वाघरीपाशी गेले. मग मेढीला टेकून त्यांनी मला जे सांगितलं, ते मी तेव्हा अर्धंच ऐकलं. आता पूर्ण ऐकू येतं.

“आमच्याकडं पयला टीव्ही आला व्हता ना, पावणं, तवा चारी वस्त्यांची मान्सं हितं यायची. ह्या अंगणात. येकच मालिका, सगळ्यांची. मला न्हवती आवडत, घर नुस्तं भरून जायचं, चहाचं पातेलं खाली उतरत नसायचं. पर मालिका संपली की समदी उठायची आन ह्याच बांधानं बोलत जायची. कोन म्हनायचं सासू बरुबर, कोन म्हनायचं सून बरुबर. भांडत जायची. पार कालव्यापतोर आवाज. वाट बोलत जायची, बगा. मंग ज्येच्या त्येच्या घरी टीव्ही आला. मंग ज्येच्या त्येच्या हातात आला. आता कोन कुनाकडं जात न्हाई. वाट गप झाली. आन गप वाटंवर कोन आलं, ते तुमाला म्हाईतच हाय.”

बिबट्या वाढले त्याची कारणं अनेक आहेत. ऊस आहे, धरणं आहेत, आपण जंगलाचं काय केलं ते आहे. आबांचा सिद्धांत शास्त्राच्या कसोटीला उतरणार नाही. पण आपल्या करमणुकीचं काय झालं हे मला इतक्या थोडक्यात दुसऱ्या कुणी सांगितलेलं नाही. कंपन्या म्हणतात, ‘फक्त आमच्याकडेच.’ ही जाहिरात आहे असं आपल्याला वाटतं. ती जाहिरात नाही, ते कुंपण आहे. एका घरातल्या चार माणसांना त्यांनी चार वेगळ्या खोल्या दिल्या, दारं आतून लावायला शिकवलं आणि दर महिन्याला त्या एकटेपणाचं भाडं घ्यायला सुरुवात केली. सकाळी बोलायला काही उरलं नाही. मी काल काय पाहिलं ते तू पाहिलेलं नाहीस, आणि सांगू लागले तर तू म्हणतोस, ‘सांगू नको, मला बघायचंय.’ गोष्ट सांगणं हा गुन्हा ठरला, असा काळ याआधी कधी आला होता का?

आणि तरीही वहिनीचा तो अर्धा तास तिचाच होता. हे मी तेव्हाही म्हणत होते, आजही म्हणते.

मग ती संध्याकाळ आली.

त्या दिवशी गुरुजींची आधीची खुनाची मालिका संपून नवी सुरू होणार होती. शकीलचा सामना होता. वहिनीच्या मालिकेचा शेवटचा भाग होता. सकाळीच माझ्या कानात पुटपुटून गेली होती, “आज कळनार, ताई. ती त्याच्याकडं जाती का न्हाई.” दूध घालायला ती रोजच्यापेक्षा लवकर निघाली.

हायवेच्या कामावर कुठेतरी जेसीबीने केबल तोडली. हे आम्हाला नंतर कळलं. तेव्हा एवढंच झालं, की मोबाईलच्या पडद्यावर ते पांढरं चक्र फिरायला लागलं. शकील दारात बसून चक्र बघत होता. गुरुजी त्यांच्या दारात चक्र बघत होते. मी ऐकत असलेलं भाषण अर्धवट अडकलं होतं, मीही चक्र बघत होते. आत्ता येईल, आत्ता येईल. सूर्य उसाआड कधी गेला ते आम्हा तिघांनाही कळलं नाही. वस्ती पूर्ण गप्प झाली होती, आणि ते आमच्यापैकी एकाच्याही लक्षात आलं नाही. प्रत्येकाला वाटत होतं, दुसऱ्याचं चालू असेल.

आबा घरातून बाहेर आले.

“आवाज का बंद हाय?”

“रेंज गेली, आबा,” शकील म्हणाला.

“सून कुटं हाय?”

आम्ही बांधाकडे बघितलं. मेंढरं एका कोपऱ्यात गोळा झाली होती. बिबट्या जवळ असला की ती अशी गोळा होत, आणि तेव्हा आबांचा चेहरा कसा व्हायचा, ते मी पाहिलं होतं.

शकील उठून पळाला, गाडी चालू केली, दिवा उसाकडे फिरवला आणि हॉर्न धरला. पाटाला पाणी सुटलं होतं, बांध सगळा चिखल, गाडी पुढे जाणं शक्य नव्हतं. “हॉर्न रोजचाच हाय!” आबा ओरडले. “त्येला म्हाईत हाय त्यो! मान्साचा आवाज काडा!” त्यांनी स्वतः तोंडाला हात लावून हाळी दिली, मेंढरांना देतात ती. तरुणपणी म्हणे ती हाळी नदीपार जायची. त्या दिवशी ती अंगणातच फुटली. खोकल्याने ते वाकले. काठी टेकून, वाकलेलेच, आमच्याकडे बघून म्हणाले, “बोला की! काय बी बोला! रोज बगताय न्हवं? तेच बोला!”

आम्ही काठ्या घेतल्या, बॅटऱ्या घेतल्या आणि बांधावर चिखलात उतरलो. पुढे शकील, मागे मी, शेवटी गुरुजी. आणि ओरडायला लागलो. ‘वहिनी’ अशी हाक मारून मारून घसा कोरडा पडला. कानात वायर असलेल्या माणसाला हाक कशी जाणार? मग शकीलने छाती फुगवली आणि त्याच्या गँगच्या म्होरक्याचं बोलणं सुरू केलं, “इस शहर में सिर्फ़ एक बाप है!” त्याच्यापाठोपाठ ज्या शिव्या आल्या त्या आबांच्या अपेक्षेपेक्षाही लांब गेल्या असणार. माझं भाषण मला निम्मं पाठ होतं, मी ते उसाला ऐकवलं. गुरुजी, ज्यांचा आवाज वर्गाबाहेर कधी गेला नव्हता, ते पायातली चप्पल चिखलात सोडून देऊन आभाळाकडे बघत ओरडत होते, “खून नोकराने केलेला नाही! खून सख्ख्या भावाने केलाय! सख्ख्या भावाने!”

मागून आबांची काठी आणि खोकला येत होता. गुडघा त्यांनी कुठे ठेवला होता कोण जाणे.

आम्ही थांबलो. ऐकलं. उसातून वारा गेला.

आणि मग समोरून, बांधावरच्या छोट्या पुलाच्या, म्हणजे मोरीच्या बाजूने, एका बाईचा आवाज आला. पूर्ण तोंड उघडून, कधी कुणी ऐकला नव्हता असा.

“तुम मेरी क़िस्मत नहीं हो! तुम मेरा फ़ैसला हो! सुन रहे हो? फ़ैसला!”

शकीलची बॅटरी तिच्यावर पडली. वहिनी मोरीच्या कठड्याला पाठ लावून उभी होती. एका हातातली दुधाची किटली ती कठड्यावर दाणदाण आपटत होती. वायर गळ्यात लोंबत होती. आम्हाला बघून तिने किटली आपटायची थांबवली, आणि पहिलं वाक्य बोलली ते गुरुजींना.

“काय वो गुर्जी! भावानं केला ते कशाला सांगितलंत? मी पुढच्या आठवड्यात बगनार व्हते न्हवं!”

गुरुजी तिथेच चिखलात बसले. हसत होते की रडत होते, मला सांगता येणार नाही. शकील मात्र माझ्या देखत रडला आणि नंतर कधीही ते कबूल केलं नाही.

झालं होतं असं. अर्ध्या वाटेत तिचंही चक्र फिरायला लागलं. मोरीच्या कठड्यावर कधी कधी रेंज मिळते, म्हणून ती तिथे चढली आणि मोबाईल डोक्यावर धरून उभी राहिली. चालणारा माणूस तरी पायाचा आवाज करतो. ती दिवेलागणीला, दोन उसांच्या मध्ये, न हलता, न बोलता, रेंजची वाट बघत उभी होती. आमच्या भागात ही चूक आता कुणीही करेल. कानात वायर होती, पण वायरीत काही येत नव्हतं, म्हणून लांबून आमचा गलका तिला ऐकू आला. तिने वायर काढली. आणि तेव्हा तिला दुसरंही ऐकू आलं. पाठीमागच्या उसात, अगदी जवळ, काडकन.

“मंग मी बी सुरू केलं,” ती म्हणाली. “तेवडंच पाठ व्हतं.”

सकाळी बांधावर वनखात्याची माणसं आली. ठसे उसातून मोरीपर्यंत आले होते आणि मोरीपासून वळून पाटाकडे गेले होते. आबा काठी टेकत त्या ठशांच्या कडेने मोरीपर्यंत गेले. मग म्हणाले, “शेवटचा भाग बगायला आलता.”

आदल्या रात्री परतल्यावर अंगणात मात्र कुणी चेष्टा केली नव्हती. वहिनीने किटली धुऊन पालथी घातली. आबा ओट्यावर बसले. मला वाटलं, आता ते तिला बोलतील, आणि मी उत्तर तयार ठेवलं होतं. आबा म्हणाले, “कोन त्यो?”

“कोन, मामंजी?”

“ज्येला तू फैसला म्हनालीस.”

वहिनी लाजली. मग सांगायला लागली. पहिल्या भागापासून. कोरियातली ती मुलगी, तिची आजारी आई, तो श्रीमंतांचा पोरगा, त्याची दुष्ट आत्या. रेंज नव्हतीच, त्यामुळे शकील आणि गुरुजीही दार सोडून अंगणात येऊन बसले. आईच्या मरणाशी आल्यावर वहिनीला रडू आलं, आणि तिने घाबरून आबांकडे बघितलं. आबांनी वाघरीकडे बघितलं. मेंढरं स्वस्थ रवंथ करत होती.

“सांग, सांग,” ते म्हणाले. “बिबट्याला कळतं खोटं रडनं.”

रेंज आली तरी ती सवय मोडली नाही. रोज दिवेलागणीला एकेकाने आपापली मालिका सांगायची. शकील सांगताना उभाच राहायचा. गुरुजी सगळा खून पाटीवर काढल्यासारखा समजावून सांगायचे आणि खुनी कोण हे मात्र काही केल्या सांगायचे नाहीत, त्या संध्याकाळपासून त्यांनी धसकाच घेतला होता. वेगवेगळ्या कंपन्यांनी वेगवेगळ्या कुलपांत ठेवलेल्या गोष्टी त्या अंगणात फुकट मोकळ्या हिंडायच्या. माझं पत्रक भिंतीवरच राहिलं. आबांनी त्याच्याखाली कोळशाने काही लिहिलं नाही, ते लिहीत नाहीत. पण वहिनी किटली घेऊन निघाली की ते पत्रकाकडे काठी करून म्हणायचे, “येक कान तुजा. येक कान वाटंचा.”

आणि ती एका कानातली वायर काढून, दुसऱ्या कानात ठेवून, कोरियातल्या माणसांशी मोठ्याने वाद घालत बांधावरून यायची. वाट पुन्हा बोलायला लागली.

आता मी तिथे राहत नाही. मध्यंतरी गेले होते. मधल्या खोलीत नवं जोडपं आलंय, त्यांचं ॲप आबांना पसंत आहे. आबांचा गुडघा तसाच, खोकला जरा कमी. वहिनी डेअरीच्या बायकांना कोरिया सांगते आणि चार वस्त्यांच्या बाया तिच्याबरोबर एकत्र चालत परततात. मला पाहिल्यावर आबांनी पहिला प्रश्न केला, “पावणं, तिकडं शेरात दिवेलागणीला काय वाजवता?”

माझ्या शेजारच्या दारामागे कोण राहतं, ते काय बघतं, बघून हसतं की रडतं, मला माहीत नव्हतं.

म्हणून तुमच्याकडे एक मागणं आहे. कुठलंही ॲप बंद करू नका, तुमचे कान तुमचेच आहेत. आज दिवेलागणीला फक्त एका कानातली वायर काढा, दार उघडा, आणि घरात किंवा शेजारी जो कुणी एकटा पडदा बघत बसला असेल, त्याच्यापाशी जाऊन बसा. तुम्ही काल काय पाहिलंत ते त्याला मोठ्याने सांगा. शेवटासकट सांगा.